कूलरसमोर काढलेला म्हातारा

"तुम्ही कार्टूनवाल्या ना? मग त्यात चित्र हलवतं कोण?" हा प्रश्न मला लग्नात विचारला गेलाय, बँकेत विचारला गेलाय आणि एकदा तर दातांच्या डॉक्टरांनी माझं तोंड उघडं असताना विचारलाय. तेव्हा उत्तर देता आलं नाही, म्हणून इथे देते. चित्र कोणीच हलवत नाही. सेकंदाला चोवीस चौकटी डोळ्यांपुढून जातात. आम्ही एकेक चित्र दोनदा दाखवतो आणि बारा चित्रांत भागवतो. प्रत्येक चित्र आधीच्यापेक्षा केसभर वेगळं असतं, बाकी हलवाहलवी बघणाऱ्याच्या डोक्यात होते. माझं सगळं आयुष्य त्या केसभर फरकावर गेलं आणि मला त्याचा भारी अभिमान आहे. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे पुढे नम्रपणाचा आव आणायला नको.

या कामाची मुळाक्षरं मी नागपूरच्या इतवारी बाजारात गिरवली. माझे बाबा भांड्यांवर नावं घालायचे. भांड्यांच्या एका मोठ्या दुकानाच्या पायरीवर त्यांची जागा होती. पुढ्यात लाकडी ठोकळा, हातात छिन्नी आणि छोटी हातोडी. लग्नाची भांडी घेतली की लोक ती बाबांपुढे आणून ठेवायचे. बाबा टिकटिक करत एकापुढे एक टिंब उठवत जायचे आणि बघता बघता टिंबांची रेघ व्हायची, रेघेचं नाव व्हायचं. शाळा सुटली की मी त्यांच्या शेजारी बसायची. दोन टिंबांत किती अंतर ठेवलं म्हणजे डोळा फसतो आणि त्याला सलग रेघ दिसते, हे मला कुठल्याही कला महाविद्यालयाच्या आधी त्या पायरीवर कळलं.

मुंबईत एका मोठ्या स्टुडिओत नऊ वर्षं घालवून मी नागपूरला परत आले, त्याचं कारणही बाबाच. आई आधीच गेली होती आणि बाबांचा छिन्नी धरायचा हात थरथरायला लागला होता. आमच्याच वस्तीत एका घराचा वरचा मजला घेतला, सात जणांना शिकवून तयार केलं आणि पाटी लावली. मुंबईच्या साहेबांनी मी निघताना सांगितलं होतं, "जाऊन बघा. तुमची खुर्ची वर्षभर रिकामी ठेवतो." ते प्रेमाने बोलले असतील, पण मला ते लागलं.

नागपुरात कार्टून कोणाला हवं असणार? सुरुवातीला आले ते एक शेठजी, प्रेशर कुकरचे व्यापारी. त्यांना जाहिरातीत नाचणारा कुकर हवा होता आणि त्या कुकरला त्यांच्यासारख्या मिशा हव्या होत्या. मी कागदावर हिशेब मांडून सांगितलं, सेकंदाला चोवीस चौकटी. शेठजींनी चष्मा काढला.

"चोवीस काहून लागते बाई? बारात नाही होत का?"

आम्ही मुळात बाराच चित्रं काढतो, हे त्या बिचाऱ्यांना ठाऊक नव्हतं. मी मोठा सुस्कारा सोडला, छताकडे बघितलं आणि म्हटलं, "शेठजी, तुमच्यासाठी बारात बसवते." पुढची कित्येक वर्षं ते इतवारीत सांगत फिरत होते की बाईंना कसं अर्ध्यावर आणलं. मीही कधी खुलासा केला नाही.

दुसरं काम बुटीबोरीच्या एका कारखान्याचं. तिथे चार मुलखांतले कामगार, एकाची भाषा दुसऱ्याला कळेना, म्हणून सुरक्षिततेवर बिनबोलाची फिल्म हवी होती. आम्ही झकास केली. हेल्मेट घातलेला गोल पोटाचा कामगार, यंत्रात हात कसा घालायचा नाही ते दाखवणारा. दाखवायला नेली, तर पहिल्याच मिनिटाला मॅनेजर ताडकन उठले.

"थांबवा! याचं एक बोट कुठं गेलं?"

आमच्या धंद्यात हाताला चारच बोटं काढायची रीत आहे. पाच काढली की छोट्या हातात गर्दी होते, शिवाय कामही वाढतं. माझ्या सातही जणांना मीच ते शिकवलं होतं आणि आमच्यापैकी एकाच्याही डोक्यात आलं नाही की सुरक्षिततेच्या फिल्मचा नायक पहिल्या चौकटीपासूनच एक बोट गमावून बसलाय. मागे बसलेले कामगार मात्र आधीच मोजून हसत होते. पुढचे पंधरा दिवस आम्ही सात-आठ मोठी माणसं खाली मान घालून फक्त बोटं काढत होतो.

पण मला सांगायची आहे ती गोष्ट पुढची. साहेबांनी दिलेलं वर्ष संपत आलं होतं. मुंबईच्या एका वाहिनीने जाहीर केलं की मुलांसाठी एक स्वतंत्र फिल्म करायची आहे. पाच गटांनी एकेक मिनिटाचा नमुना आणायचा, त्यातून एक निवडणार. त्या पाचांत आमचं नाव लागलं. निवड झाली, तर नागपुरात बसून स्वतःची फिल्म करता येणार होती. नाही झाली, तर पाटी काढायची, सात जणांना वाऱ्यावर सोडायचं आणि त्या रिकाम्या खुर्चीत जाऊन बसायचं. यातलं काही मी कोणापासून लपवलं नव्हतं.

विषय मी बाबांचाच घेतला. भांड्यांवर नावं घालणारा एक म्हातारा, बस्स. गोष्ट पुढे सुचेल म्हटलं, आधी मिनिटभर म्हातारा तर जिवंत करू.

इथे कामाची वाटणी थोडी सांगायला हवी. हात गुडघ्यावर आहे हे एक चित्र आणि हात भांड्यावर आहे हे दुसरं, अशी मुख्य चित्रं मी काढायची. त्या दोहोंच्या मधली सगळी चित्रं दुसरं कोणीतरी काढतं. मधली चित्रं काढणाऱ्याचं नाव कोणी घेत नाही, पण हालचाल जगते की मरते ते त्याच्याच हातात असतं. माझ्याकडे हे काम नंदा करायची. नागपूरजवळच्या कन्हान गावची मुलगी, वडील कोळशाच्या खाणीत कामाला. रोज बसने यायची आणि सर्वांत आधी यायची. तिच्यासारखा पक्का हात मी मुंबईतही पाहिला नव्हता. हे मी तिला कधी सांगितलं नव्हतं, ही माझी पहिली चूक.

नवतपा तोंडावर आला होता. नागपूरकरांना नवतपा समजावायला नको. इतरांसाठी एवढंच, की मे अखेरीच्या त्या नऊ दिवसांत दुपारी रस्त्यावर कुत्रंही दिसत नाही. आमच्या मोठ्या खोलीत कूलर होता. त्याच्या वाळ्याच्या ताट्यांवर सारखं पाणी पडत असायचं आणि कूलरसमोरची जागा कौतुकाने नंदाला दिलेली होती. मी मागच्या छोट्या खोलीत बसायची. तिथे कूलर नव्हता, मला त्याचा आवाज चालत नाही.

चित्रं पुरी झाली. रंग भरण्याआधी पेन्सिलीची चित्रंच एकदा कॅमेऱ्याखाली ठेवून, चालवून बघतात. आम्ही सगळे टीव्हीभोवती जमलो. बाबाही खुर्ची घेऊन बसले. पडद्यावर म्हातारा आला. म्हाताऱ्याची प्रत्येक रेघ थरथरत होती. हात, कपाळ, टोपी, सगळं एका चित्रात किंचित मोठं, पुढच्यात किंचित लहान. जागच्या जागी लकलकत होता बिचारा. वाहिनीला नमुना दाखवायला अठरा दिवस उरले होते.

माझी मुख्य चित्रं ठीक होती. बिघाड मधल्या चित्रांत होता. मग काय, मी सगळ्यांसमोर नंदावर तुटून पडले. "हात पक्का नाही तुझा," म्हटलं. "ज्यांना काम जमत नाही त्यांनी कन्हानहून रोज इतका प्रवास करायचा कशाला?" असंही म्हटलं. ते वाक्य मला आजही शब्दन् शब्द आठवतं. तिने पेन्सिली पेटीत ठेवल्या, पेटी बंद केली आणि निघून गेली. बाबा मला एवढंच म्हणाले, "तुही जीभ लय चालते वं शालू." दुसऱ्या दिवशी ती आली नाही आणि तिसऱ्या दिवशीही नाही.

तेव्हा मी ठरवलं, मधली चित्रं मीच काढते, दाखवते यांना. नंदाच्या जागेवर बसले, तिच्याच गठ्ठ्यातले कोरे कागद घेतले, दोन दिवस मान मोडून काम केलं आणि चालवून पाहिलं. म्हातारा पुन्हा लकलकत होता, अगदी तस्साच. मुंबईत नऊ वर्षं घासलेला माझा हात आणि ही गत! तोंडात मारल्यासारखं म्हणजे काय, ते मला तेव्हा कळलं.

मग डोकं चालवलं. माझ्या खोलीतला एक कोरा कागद आणला, नंदाच्या गठ्ठ्यातला एक घेतला. चित्रं एकमेकांवर नेमकी बसावीत म्हणून आमच्या टेबलाला खुंट्या असतात आणि कागदांना भोकं. दोन्ही कागद खुंट्यांवर अडकवले. कूलरसमोरचा कागद तांदळाच्या दाण्याएवढा बाहेर आला. ओलसर हवेने तो फुगला होता, गठ्ठ्यातले वरचे कागद जास्त, खालचे कमी. फुगलेल्या कागदावर काढलेलं चित्र कॅमेऱ्याच्या कोरड्या खोलीत गेलं की आकसायचं. माझी मुख्य चित्रं मुळात कोरड्या कागदावर, ती होती तेवढीच राहायची. एक मोठं, एक लहान. नंदाचा हात थरथरला नव्हता, कूलरने कागद हलवला होता.

मी भर दुपारी डोक्याला दुपट्टा गुंडाळून कन्हानची बस धरली. तिच्या आईंनी गूळपाणी दिलं आणि त्या आत जाऊन बसल्या. नंदा समोर उभी. माफी मागायची मला सवय नाही, आताही नाही. मी कागदाचं सगळं समजावून सांगितलं आणि म्हटलं, "चूक कूलरची होती गं."

"कूलर मले सगळ्याईसमोर नाही बोलला ना ताई."

मी पेला खाली ठेवला आणि जायला उठले. तेव्हा तीच म्हणाली, "मी येतो उद्या. तुमच्यासाठी नाही येऊन राहिली. म्हातारा अर्धा टाकून आली ना, तो मले जेवू नाही देऊन राहिला." आणि मी चपला घालत असताना तिने मागून बजावलं, "पण कूलर बंद ठेवा लागन, सांगून ठेवतो."

कूलर बंद झाला. पंखाही नाही, कारण पंख्याने कागद उडतात. नवतपात, बंद खोलीत, आठ माणसं. घाम चित्रावर पडू नये म्हणून मनगटाला फडकी बांधली, कपाळाला फडकी बांधली. खालच्या मजल्यावरच्या मावशी ताकाचा तांब्या घेऊन वर आल्या आणि दारातूनच ओरडल्या, "बाप्पा! मरता का सगळे?" कोणी मेलं नाही. कोणी कुरकुरलंही नाही. नंदाने सगळी मधली चित्रं नव्याने, कोरड्या कागदावर काढली. माझ्या माणसांचा मला इतका अभिमान कधीच वाटला नव्हता.

सहा दिवस उरले असताना नवा म्हातारा चालवून पाहिला. एक रेघ हलली नाही. लोण्यासारखी हालचाल. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. बाबांनी तेवढ्या वाजवल्या नाहीत.

"काय झालं? चांगलं नाही झालं का?" मी विचारलं.

"चांगलं झालं. पण हा होय कोण?"

"नाव घालणारा म्हातारा. म्हणजे तुम्हीच की."

"मी नाही होय हा. हात पाहाय ना त्याचा. बसल्या जागी कसा गुमान पडून राहिला." त्यांचा स्वतःचा हात गुडघ्यावर थरथरत होता. "पहिले जो दाखवला होता ना तू, त्याच्यात मी होतो."

"तो बिघडलेला होता बाबा."

"मंग मीबी बिघडलेलाच हावो."

त्यांनी छिन्नी-हातोडी मागितली, ती चित्रांसाठी नमुना म्हणून टेबलावरच होती. नंदाने कोपऱ्यातला स्टीलचा पेला पुढे केला. बाबांचा हात थरथरत गेला, थरथरत छिन्नी उचलली आणि छिन्नीचं टोक पेल्याला टेकलं त्या क्षणी हात थांबला. अगदी निश्चल. टिक, टिक, टिक, टिंबं सरळ उमटत गेली. छिन्नी खाली ठेवली आणि थरथर परत सुरू झाली. एका घरात राहून हे मी पाहिलं नव्हतं. पाहिलं असेल, पण चित्रकाराच्या डोळ्यांनी नाही.

"धंदा काहून सुटला माहा?" बाबा म्हणाले. "लोकं हात पाहात आन् भांडं उचलून मशीनवाल्याकडे जात. टेकेपर्यंत कोणी थांबलंच नाही."

मला रडू आलं आणि मी ते लपवलं नाही. त्याच वेळी मला माझी फिल्म सापडली होती. नंदाला तर आधीच उमगलं होतं. तिने कपाटातून जुना गठ्ठा बाहेर काढला, कूलरसमोर काढलेला. "ताई, हात रिकामा असन तवा हा लावू. भांड्याले टेकला का नवा." बिघडलेली म्हणून बांधून ठेवलेली तिची सगळी चित्रं आता आम्हाला लागणार होती. मुख्य चित्रंही सुधारायची गरज नव्हती, फक्त म्हाताऱ्यासमोर येणारी गिऱ्हाइकं नव्याने काढायची होती. सहा दिवसांत रंग भरून, नमुना घेऊन मी आणि नंदा मुंबईला गेलो.

बाकीच्या चार गटांचं काम चकचकीत होतं. उडणारे राजपुत्र, बोलणारी विमानं. मग आमचा म्हातारा आला. एक गिऱ्हाईक त्याचा थरथरता हात बघून भांडं उचलून निघून गेलं. दुसरंही गेलं. मग एक छोटी मुलगी डबा घेऊन आली आणि थांबली. हात थरथरत डब्याकडे निघाला, टेकला आणि थांबला. बोल नव्हते, संगीत नव्हतं, फक्त टिक, टिक, टिक. दिवे लागल्यावर वाहिनीच्या प्रमुख बाई म्हणाल्या, "पुन्हा लावा." दुसऱ्यांदा बघून झाल्यावर त्यांनी विचारलं, "हा थरथराट कुठल्या यंत्रावर केलात?"

"कूलरवर," मी म्हटलं. त्यांना तो एखादा परदेशी यंत्राचा प्रकार वाटला. त्यांनी वहीत लिहूनही घेतलं. नंदा तोंडाला रुमाल लावून हसत होती.

फिल्म आम्हालाच मिळाली. दाराबाहेर आलो आणि आम्ही दोघींनी भर रस्त्यात एकमेकींना मिठी मारली. मुंबईच्या साहेबांना मी त्याच दिवशी फोन करून सांगितलं, "खुर्ची दुसऱ्या कोणाला तरी देऊन टाका." असा फोन आयुष्यात एकदा तरी प्रत्येकाला करायला मिळावा.

काम पुढे हिवाळ्यात गेलं. डिसेंबरच्या थंडीत आम्ही कूलर लावून बसायचो, अंगावर स्वेटर आणि शाली, कारण थरथरणाऱ्या हातासाठी कागद ओलसर हवा होता. खालच्या मावशींनी आमच्यावर पाणी सोडलं होतं. आता आमचा स्टुडिओ नंदा चालवते, तिच्या हाताखाली चाळीस जण आहेत. कागद गेले, कूलर गेला, संगणकावर थरथर आणायचं एक बटण आहे म्हणे. मुलं ते मला कौतुकाने दाखवतात. मी चांगलं म्हणते, आणि मनातल्या मनात त्याच्या चुका काढते.

फिल्म पहिल्यांदा दाखवली ती आमच्या वस्तीतल्या विहाराच्या सभागृहात. पहिल्या रांगेत बाबा, त्यांच्या एका बाजूला मी, दुसऱ्या बाजूला नंदा. शेवटच्या प्रसंगात म्हातारा त्या मुलीच्या डब्यावर तिचं नाव घालतो. आमच्या कच्च्या आराखड्यात ते नाव सोनू होतं. तो प्रसंग मी कोणालाच दिला नव्हता. घरी बसून, मुख्य चित्रं आणि मधली चित्रं, सगळी मी एकटीने काढली होती. बाबांनी खऱ्या डब्यावर नाव घालून दाखवलं, मी ते बघून काढलं. कन्हानला जे तोंडातून निघालं नव्हतं, ते मला तिथे म्हणायचं होतं.

पडद्यावर हात टेकला आणि थांबला. टिंबांमागून टिंबं येत गेली. नं. दा. सभागृहात टाळ्यांचा कडकडाट झाला. बाबा मोठ्याने म्हणाले, "आता मी होय हा!" नंदा मात्र पडद्याकडे बघत तशीच बसून राहिली. दिवे लागले, तेव्हा तिचे डोळे भरलेले होते.

"ताई," ती म्हणाली, "'दा'च्या कान्यापाशी दोन चित्रं कमी पडले. हात धक्क्यानं खाली आला."

मी मनात मोजलं. तिचं बरोबर होतं. मी पिशवीतून बाबांनी नाव घातलेला तो डबा काढला आणि तिच्या हातात दिला. तिने नावावरून अंगठा फिरवला आणि डबा ओढणीत गुंडाळून घेतला.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी कामावर पोचले, तर ती नेहमीसारखी माझ्याआधी आलेली होती. डबा टेबलावर होता, कूलर बंद होता आणि ती दोन चित्रं काढून झाली होती. आज ती फिल्म जिथे दाखवतात, त्यात ती आहेत. सेकंदाचा सहावा भाग. तेवढ्यात हात अलगद खाली येतो.